पंचमीचं पाणी : एका रखडलेल्या सिनेमातला राखणदार

घोडबंदरच्या खाडीवर शूट झालेला एक मराठी सिनेमा डिसेंबर २०११ मध्ये सुरू झाला आणि २०२१ संपता संपता सेन्सॉर होऊन बाहेर पडला. दहा वर्षांत दोन निर्माते झाले, दोन हिरो झाले, तीन कॅमेरे झाले. राखणदाराचं काम करणारा माणूस मात्र पहिल्यापासून शेवटपर्यंत एकच राहिला. हे प्रकरण त्याच्या बाजूने लिहितोय. हिरो, निर्माते, दिग्दर्शक यांच्या बाजूने ते बऱ्याचदा सांगून झालंय. सिनेमा रखडला की प्रत्येकाकडे आपापली कैफियत तयार असते. मी मुख्य सहाय्यक दिग्दर्शक होतो. कंटिन्युइटी, म्हणजे वेगवेगळ्या दिवशी घेतलेले शॉट एकमेकांशी जुळतायत ना हे बघणं, माझ्याकडे होती, आणि शेवटी कागदांवर सह्या घ्यायचं कामही माझ्याच गळ्यात पडलं. सिनेमाचं आणि माणसांचं नाव देत नाही. राखणदाराचं काम करणाऱ्यांना आम्ही सगळे काका म्हणायचो, इथेही तेच म्हणतो.

काका चेंदणी कोळीवाड्यातले. वागळे इस्टेटमधल्या एका कारखान्यात तीस वर्षं लेथवर होते. कामगार कल्याणच्या नाट्यस्पर्धेत दोनदा उत्तेजनार्थ बक्षीस मिळालेलं. गडकरी रंगायतनच्या स्टेजवर त्यांनी हवालदार, पोस्टमन, वरपक्षाचा काका अशी कामं केलेली, म्हणजे ज्यांच्या एंट्रीला टाळी पडत नाही पण जे चुकले तर सगळा प्रवेश कोसळतो अशी. ऑडिशनला आले तेव्हा वय ५९. संवाद किती, असं त्यांनी विचारलं नाही. "पान्यात उतरायचं हाय का?" एवढंच विचारलं. उतरायचं होतं. स्क्रिप्टमध्ये भूमिकेला नाव नव्हतं, नुसतं 'राखणदार'. तीन प्रसंग, सात वाक्यं, दोन दिवसांचं काम, दिवसाला १,५०० रुपये. करार नाही. प्रॉडक्शनचं व्हाउचर आणि त्यावर सही.

गोष्ट रेतीची होती. एकेकाळी या खाडीत डुबी मारून, बादलीने, हातपाटीने रेती काढायचे. नंतर सक्शन पंप आले. डुबी मारणाऱ्या बापाचा मुलगा पंपवाल्याकडे कामाला लागतो, असं कथानक. पहिला निर्माता स्वतः रेतीच्या धंद्यातला. विषय त्याच्या जिव्हाळ्याचा होता आणि पैसाही त्याच धंद्यातून येत होता. धंद्यात आधीच अडचणी होत्या, त्यात २७ फेब्रुवारी २०१२ ला सर्वोच्च न्यायालयाने रेतीसारख्या गौण खनिजांच्या पाच हेक्टरपेक्षा लहान पट्ट्यांनाही पर्यावरण मंजुरी लागेल असा आदेश दिला. आदेश योग्यच होता, खाड्या आणि नद्या पोखरून काढल्या होत्या लोकांनी. पण आमच्यापुरतं झालं असं की रेतीवरचा सिनेमा रेती थांबली म्हणून थांबला. चाळीसपैकी सोळा दिवसांचं काम झालं होतं.

त्या सोळा दिवसांतल्या दोन दिवसांवर पुढची सगळी इमारत उभी राहिली, म्हणून त्यांच्यापाशी जरा थांबतो.

दत्तजयंतीनंतरची वद्य पंचमी. संध्याकाळी गायमुखच्या बाजूला एका जुन्या दगडी धक्क्यावर राखणदार तिसऱ्या पायरीवर बसलाय, पाणी घोट्याशी, मागे तिवरं. सूर्य कलला की शॉट. अर्धा प्रसंग झाला आणि उजेड गेला. मी कॉलशीटमध्ये लिहिलं : उर्वरित भाग उद्या, हीच वेळ. काका कपडे बदलता बदलता म्हणाले, "उद्या या टायमाला पानी इथं नसंल." मी मान हलवली. मुलुंडला वाढलेला माणूस मी, समुद्र म्हणजे चौपाटीवरची भेळ. दुसऱ्या दिवशी त्याच वेळेला आलो तर तिसरी पायरीच दिसेना, पाणी दोन पायऱ्या चढून वर. ते उतरेपर्यंत अंधार. युनिटचं अख्खं जेवण आणि जनरेटरचं डिझेल पाण्यात गेलं, शब्दशः.

भरती रोज साधारण पन्नास मिनिटं उशिरा येते, हे शाळेच्या भूगोलात असतं. कोळीवाड्यात त्याचं गणित तिथीवर आहे : तिथीला पाऊणने गुणायचं, येईल ती भरतीची वेळ. चतुर्थीला तीन, पंचमीला पावणेचार, अष्टमीला सहा. शुद्ध असो की वद्य, गणित तेच. ज्यांना शाळेत पाऊणकी पाठ करायला लावली ती पिढी हे बोटांवर करते, आम्हाला मोबाइल काढावा लागतो. हे झालं मुंबईच्या किनाऱ्याचं. खाडीत आत पाणी चढायला आणखी वेळ लागतो, तो काका आपल्या अंदाजाने वाढवत. प्रसंगाचा उरलेला भाग आम्ही त्या वेळी उरकलाच नाही, पुढच्या शेड्यूलमध्ये बघू म्हणालो. पुढचं शेड्यूल अडीच वर्षांनी लागलं.

काकांकडे कामगार संघटनेची खिशातली डायरी होती. त्यात त्या दिवसाची नोंद अशी : "वद्य ५. सं. ५.२०. पाणी ३ री पायरी, घोटा. डावा पाय दोरावर. चष्मा वरच्या खिशात, दांडी बाहेर. खालून दुसरं बटण नाही." लेथवरच्या माणसाला जॉबचं माप लिहून ठेवायची सवय असते, त्यापलीकडे यात काही विशेष आहे असं त्यांना वाटत नव्हतं. माझ्या कंटिन्युइटी शीटमध्ये कपडे होते, प्रॉप्स होते, स्लेट नंबर होते, लेन्स होती. पाण्याला रकानाच नव्हता. खाडीवरच्या सिनेमात.

२०१४ मध्ये दुसरा निर्माता आला, घोडबंदर रोडवरचा बांधकाम व्यावसायिक. तोवर पहिला हिरो मालिकेत गेला होता आणि त्याची तारीख मिळणं अशक्य होतं, म्हणून हिरो बदलला. पहिलं शूट रेड वन कॅमेऱ्यावर होतं, हे अॅलेक्सावर. दोन्हीतला कातडीचा रंग जुळवताना कलरिस्ट रडकुंडीला आला. जुन्या सोळा दिवसांतलं काय वाचतं ते पाहायला एडिटरने सगळं फुटेज लावलं. जिथे जुना हिरो पाठमोरा किंवा लांब होता ते, आणि जिथे तो नव्हताच ते, एवढंच वाचलं. जिथे तो नव्हता तिथे बहुतेक ठिकाणी राखणदार होता. धक्क्यावर बसलेला, दोर वळणारा, पंपाच्या आवाजाकडे कान देऊन उभा.

इथे एक गैरसमज दूर करतो, कारण काकांबद्दल बोलताना लोक लगेच हळवे होतात. त्यांची भूमिका वाढली ती ते महान नट होते म्हणून नव्हे. चांगले होते, नेमके होते. पण भूमिका वाढली ती फुटेजमध्ये ते शिल्लक होते म्हणून, आणि फोन केला की यायचे म्हणून. रखडलेल्या सिनेमात मोठ्या नावांची किंमत दर वर्षी चढते आणि तारखा मिळेनाशा होतात. ज्याला दुसरीकडून बोलावणं नाही तोच निर्मितीचा आधार होतो. लेखकाने दुसऱ्या शेड्यूलसाठी राखणदाराला नऊ प्रसंग दिले, त्यातले चार तर निव्वळ जुने तुकडे सांधायला. काकांचे सहा दिवस लागले. जुन्याच दराने ९,००० रुपये झाले. मालिकांसारखं नव्वद दिवसांनी चेक निघेल असं प्रॉडक्शनने सांगितलं. नव्वद दिवस झाले, मग नव्वद आठवडे झाले. निर्मात्याचे फ्लॅट विकले जात नव्हते, आणि ८ नोव्हेंबर २०१६ च्या रात्री तर त्याच्याकडची रोकडच रद्दी झाली. सिनेमा पुन्हा हार्ड डिस्कमध्ये जाऊन पडला.

युनिटमध्ये तेव्हा 'लव्ह अँड गॉड'चा दाखला फिरायचा. के. आसिफच्या त्या सिनेमात गुरुदत्त नायक, ते १९६४ ला गेले. संजीव कुमारला घेतलं. १९७१ ला आसिफच गेले. सिनेमा लागला १९८६ मध्ये, तेव्हा संजीव कुमारही नव्हते. आपलं अजून सगळे जिवंत आहेत, एवढाच आमचा दिलासा.

२०१८ ला पैसे जमले आणि तिसरं शेड्यूल लागलं. कॅमेरा पुन्हा बदलला होता. काका आले आणि हसले, तर वरचे पुढचे दोन दात नव्हते. खिशातून कवळी काढून म्हणाले, "लावतो, घाबरू नका."

कवळी लावल्यावर वरचा ओठ पुढे आला आणि चेहराच दुसरा दिसायला लागला. शिवाय त, थ, द ही अक्षरं दंत्य आहेत हे व्याकरणात वाचलेलं, ते त्या दिवशी कानाने ऐकलं : नव्या कवळीने 'दोर' म्हणताना जीभ अडखळत होती आणि 'पाणी सुटलं'मधला 'स' शीळ घालत होता. कवळी काढली तर चेहरा ओळखीचा, पण दात नाहीत, आणि आधीच्या प्रसंगात आहेत. तीन तास चर्चा. लेखक म्हणाला, पंपवाल्याचा माणूस राखणदाराच्या थोबाडीत मारतो आणि दात पडतात असं घालू. दिग्दर्शकाला पटलं. मलाही पटलं. काकांना नाही. ते म्हणाले की म्हाताऱ्या माणसाच्या थोबाडीत मारायला कुणी येत नाही, त्याला नुसतं बाजूला करतात. दात दोराने जातात. ओढून बांधलेला जाडा दोर मधूनच सुटला की चाबकासारखा उलटा येतो. त्यांच्या चुलत्याचा जबडा तसा गेलेला.

तो प्रसंग आम्ही त्याच संध्याकाळी घेतला. दोर सुटण्याचा झटका एडिटिंगमध्ये केला, तो काही मोठा नाही. मोठं होतं ते पुढचं. राखणदार तोंडातलं हातावर थुंकतो, बघतो, दोन्ही दात वरच्या खिशात चष्म्याशेजारी टाकतो, आणि सुटलेला दोर पुन्हा बांधायला वाकतो. संवाद नाही. २०११ च्या त्याच शर्टात. तो शर्ट सात वर्षं त्यांनी घरी इस्त्री करून ठेवला होता, कॉश्च्युमवाल्याकडे दिला असता तर कधीच हरवला असता. खालून दुसरं बटण तेव्हाही नव्हतं. सिनेमा बघितलेल्या ज्या मोजक्या लोकांना काही आठवतं, त्यांना हे दात आठवतात. आणि पटकथा त्यामुळे सरळ झाली : दातांच्या आधीचं आणि दातांच्या नंतरचं असे दोन भाग पडले, जे चार वर्षं कुणाला सापडत नव्हते.

बाकी शेड्यूलबद्दल सांगण्यासारखं थोडं आहे. घोडबंदर रोडवर मेट्रो चारचं काम सुरू झाल्यामुळे रस्त्याचे प्रसंग बदलावे लागले, हिरोचं वजन वाढलं होतं, कुणीतरी जनरेटरवाल्याचे पैसे बुडवले.

२०२० च्या मार्चमध्ये दोन दिवसांचं काम उरलं. त्यात तो धक्क्यावरचा, २०११ साली अर्धा राहिलेला प्रसंग होता, कारण त्याचा पहिला भाग नऊ वर्षांनीही सगळ्यात सुंदर फुटेज होतं आणि ते टाकायला दिग्दर्शक तयार नव्हता. १९ मार्चपासून शूटिंग बंद झाली. मेअखेर राज्य सरकारच्या नियमावलीने परवानगी आली, पण ६५ वर्षांवरच्या कलाकारांना सेटवर मनाई. काका ६८. व्याज महिन्याच्या महिन्याला चढत होतं. निर्मात्याचं म्हणणं, पाठमोरा डमी घ्या, आवाज काकांचा टाका, मोकळे व्हा. धंद्याच्या हिशोबाने त्याचं चूक नव्हतं. दिग्दर्शक अडून बसला, आणि आमच्या दहा वर्षांत त्याने घेतलेला हा एकमेव निर्णय मी आजही डोळे मिटून बरोबर म्हणेन. ७ ऑगस्ट २०२० ला मुंबई उच्च न्यायालयाने ती वयाची अट रद्द केली. काकांना फोन केला तर त्यांनी आधीच कॅलेंडर बघून ठेवलं होतं : अधिक आश्विन, वद्य पंचमी, ऑक्टोबरचा पहिला आठवडा, पाऊस ओसरलेला असेल.

गेलो. मास्क, तपासण्या, सगळं. पाच वीसला पाणी तिसऱ्या पायरीवर, अगदी डायरीत लिहिल्याप्रमाणे. पण सूर्य वर. डिसेंबरातल्या पंचमीला जो उजेड पाच वीसला होता, तो ऑक्टोबरात वीस मिनिटं उशिरा येतो. आणि वीस मिनिटांत ओहोटीचं पाणी थांबत नाही. तिथी जुळली होती, ऋतू जुळला नव्हता. डायरीही इथे उपयोगाची नव्हती. सगळे कॅमेरामनच्या तोंडाकडे बघतायत, तो आकाशाकडे. काका म्हणाले, "थांबा ना. पानी उतरंल तसा मी एक पायरी खाली बसतो. तुमचा कॅमेरा पन खाली घ्या." म्हणजे पाणी घोट्याशीच, उजेड हवा तसा, फक्त सगळं एक पायरी खाली सरकलेलं. मागची तिवरं थोडी जास्त उघडी दिसतात. मला माहीत आहे म्हणून दिसतात. अजून कुणी विचारलेलं नाही. राखणदाराने वाक्याचा पहिला अर्धा भाग २०११ मध्ये बोललाय आणि दुसरा २०२० मध्ये, मधला कट डोळ्याला कळत नाही.

डबिंगही त्यांनीच केलं. दातांच्या आधीचे प्रसंग कवळी लावून, नंतरचे काढून. तोवर दोन वर्षांत कवळी जिभेच्या सवयीची झाली होती. साउंड इंजिनियर म्हणाला, असा शिस्तीचा माणूस मी पाहिला नाही.

आता कागद. सिनेमा विकायचा तर घेणारा हक्कांची साखळी मागतो : पहिल्या निर्मात्याकडून दुसऱ्याकडे काय आलं, कुठल्या कलाकाराने काय लिहून दिलंय. सगळ्यांचे करार कसेबसे जमले, राखणदाराचा नव्हताच. फायलीत २०११ ची दोन व्हाउचर. वकिलाने मला समजावलं ते असं. जून २०१२ पासून लागू झालेल्या कॉपीराइट कायद्याच्या दुरुस्तीत सिनेमातल्या कलाकारालाही हक्क आहेत. पण ज्याचं काम किरकोळ, प्रासंगिक आहे आणि धंद्याच्या रिवाजाप्रमाणे ज्याचं नाव श्रेयनामावलीत येत नाही, तो 'कलाकार' या व्याख्येत बसत नाही. त्याला फक्त आपल्या कामाची विटंबना झाली तर दाद मागता येते, आणि एडिटिंगमध्ये तुकडा कापला तर ती विटंबना नव्हे. बाकीच्यांना नाव सांगितलं जाण्याचा हक्क आहे, आणि व्यावसायिक वापरातून मानधनाचाही, अर्थात तो हातात पडलेला मी तरी कुणाच्या पाहिला नाही. कलाकाराने एकदा लेखी संमती दिली की, करारात वेगळं काही लिहिलेलं नसेल तर, निर्मात्याच्या वापराला तो हरकत घेऊ शकत नाही. मुद्दा लेखी संमतीचा. २०११ मध्ये सात वाक्यांचा राखणदार किरकोळ म्हणून सुटला असता. २०२१ च्या फायनल कटमध्ये तो एकवीस मिनिटं होता आणि त्याची लेखी संमती कुठेच नव्हती. त्यांनी नाही म्हटलं असतं तर व्यवहार अडकला असता. हे वकिलाला कळत होतं, निर्मात्याला कळत होतं, मला कळत होतं.

मी चेंदणीला गेलो ती सकाळ मला नीट आठवते. चार पानांचा इंग्रजी कागद, शंभराच्या स्टॅम्पवर : सर्व हक्क, सर्व माध्यमं, कायमचे. निर्मात्याने मला ७५,००० पर्यंत जायची मुभा दिली होती. मी मनात पंचवीसने सुरुवात करायची ठरवून गेलो होतो. काकांनी कागद हातात घेतला, मागेपुढे पाहिला, आणि म्हणाले, "माझे सहा दिवसांचे राहिलेत. चौदा सालचे. नऊ हजार." मी म्हटलं, त्यानंतरही तुम्ही काम केलंत. ते म्हणाले, त्याचे तेव्हाच मिळाले, बाकी चौदाचेच आहेत. मी म्हटलं, ठीक आहे.

तेवढंच म्हटलं. नऊ हजारांचा चेक फाडला, सही घेतली. नाव येईल ना, असं त्यांनी जाताना विचारलं. येईल म्हणालो आणि ते आलं, शेवटच्या यादीत, सहकलाकारांत. सिनेमा एक आठवडा चालला. अनुदानाच्या परीक्षणात 'ब' दर्जा मिळाला, ज्याला तेव्हा ३० लाख असायचे. ते देणी भागवण्यात गेले. त्या देण्यांच्या यादीत काका नव्हते, कारण त्यांचं देणं मी आधीच भागवून आलो होतो. वरिष्ठांनी माझं कौतुक केलं.

हे लिहायच्या आधी त्यांना भेटून ७५,००० ची गोष्ट सांगितली. इथे वाचून कळण्यापेक्षा मी सांगितलेलं बरं. ते थोडा वेळ गप्प बसले. मग विचारलं, "वाचलेले कुनाकडे गेले, तुझ्याकडं?" नाही म्हटलं, निर्मात्याकडे. "मग तुला काय मिलालं?" मला काही सुचलं नाही. त्यांनी उठून कपाटातून २०२१ ची डायरी काढली, चष्मा लावला, पान शोधलं आणि बोट ठेवून माझ्यापुढे धरलं. "एकादशी. २०१४ चे ९००० आले. भरती सव्वाआठ."

"माझ्या हिशोबात काय बाकी नाय," म्हणाले, आणि चहा ठेवायला आत गेले.